पाठीवरची थाप

आमचे शेजारी सुभेदार घाटगे कुणाला घराबाहेर सुखासुखी जाऊ देत नसत. राजा पार्क वस्तीतल्या आमच्या बिऱ्हाडांना फाटक एकच, आणि सकाळी तिथं हे उभे! मी विमा कचेरीला निघालो की माझी बटणं तपासत, डब्याची पिशवी ओढून बघत आणि मग पाठीत अशी थाप घालत की पोटातला चहा हिंदकळे. "जावा!"

विमानातून छत्री बांधून उडी घेणाऱ्या निवडक जवानांचे ते उस्ताद. विमानाच्या दारात प्रत्येकाचा पट्टा न् पट्टा तपासायचा, थाप द्यायची, की जवान आभाळात! गुडघा मोडला, स्वतःच्या उड्या संपल्या, छावणीत नुसतं शिकवणं उरलं; हाताची सवय तेवढी राहिली. दूधवाला भैयासुद्धा आपणहून पाठ पुढे करी.

आमच्या हिला मात्र ते 'जावा' खटके. "निघत्या माणसाला 'या' म्हणावं, भाऊजी."

"वैनी, विमानाच्या दारात 'या' म्हणलं तर पोरगं उडी मारंल का?"

पासष्ट साली लढाईला तोंड फुटलं आणि हा एकटा, बिनपाशाचा माणूस पेटलाच! छावणीतल्या पोरांच्या पाठीवर वाळूची पोती देऊन त्यांना आमेरचे डोंगर चढवायचा, लंगडत स्वतःही मागे. एका रविवारी मीही हौसेनं गेलो.

"भैरू, उडी मारतोयस का भाकरी थापतोयस? पाय जोड, गुडघं मोड! पुन्यांदा!"

भैरू सगळ्यांत कच्चा, म्हणून शिव्यांचा मोठा वाटा त्याचा. मला स्फुरण चढलं. मीही एका बांधावरून उडी टाकली आणि पुढं आठवडाभर कचेरीत उभ्यानं काम केलं.

मग हुकूम आला. शिक्षण अर्धवट सोडून तुकडी निघणार. सुभेदार आमच्याकडे आले, चहा निवला तरी कप उचलेनात.

"भैरू अजून कच्चा हाय वो," एवढंच म्हणाले.

दुर्गापुऱ्याच्या स्टेशनावर सगळी वस्ती लोटली होती. कुंकू, लाडू, जयजयकार! डब्याच्या दारात सुभेदार. पट्टा, थाप, "जा!" पट्टा, थाप, "जा!" शेवटी भैरू आला. त्याचा एकच पट्टा ते पुन्हा पुन्हा ओढून बघत राहिले. शिट्टी झाली, तरी थाप पडेना.

तेव्हा भैरूनंच त्यांच्या कॉलरचं सुटलेलं बटण लावलं, त्यांना पाठमोरं केलं आणि हलकेच थाप दिली.

"उस्ताद, सगळं पक्कं हाय. येतो म्या."

दुसऱ्या दिवशी सुभेदार फाटकाशी होतेच. त्यांनी माझी बटणं बघितली, पिशवी ओढली. थाप मात्र इतकी हळू पडली, की मी थांबून मागं वळलो.

"या हं, भाऊसाहेब," ते म्हणाले. "सांजच्याला येळेवर या."