उसना गळा

चंद्रभान चहा प्यायला म्हणून पालमच्या स्टँडवर उतरला आणि एसटी त्याची ट्रंक घेऊन निघून गेली. ट्रंकेत भित्र्या सेनापतीचा अंगरखा, मिशा आणि तलवार होती. संध्याकाळी राणीसावरगावच्या जत्रेत प्रयोग होता. "ओ मास्तर, थांबवा" असं ओरडत तो गावाबाहेरच्या फाट्यापर्यंत धावला. गाडी थांबली. कंडक्टरनं विचारलं, "काय राहिलं तुमचं?" चंद्रभाननं तोंड उघडलं. आवाज आलाच नाही, नुसती हवा.

त्याची सगळी हयात संगीत नाटकांतल्या विनोदी भूमिका करण्यात गेली होती. लोक त्याच्या चालण्याला हसत, पडण्याला हसत. गाण्याला मात्र त्यानं कधी हसू दिलं नव्हतं. सोंग वाकडं असलं तरी सूर सरळ लागला पाहिजे, हा त्याचा नेम. आता तो सूरच गेला होता.

कंपनीचे मालक उद्धवराव यांनी मिठाचं पाणी, ज्येष्ठमध, सगळं करून पाहिलं. शेवटी ते पेटीवाल्या परमेश्वरकडं वळले. "तू पेटीसकट विंगेत माईकपुढं बस. बोलायचं, गायचं तू. ह्ये नुसते ओठ हलवतील."

"मला कुठं गाता येतंय, मालक?"

"रोज ऐकायलास की."

पहिलं पद कसंबसं नव्हे, चांगलंच निभावलं. पण लढाईला निघायच्या पदात, ऐन तानेत, परमेश्वरच्या तोंडातली सुपारी घशात गेली आणि कर्ण्यातून ठसका निघाला. चंद्रभाननं छातीवर हात मारून घेतला. पुढच्या ठसक्याला तो वाकला. मग ठसके थांबेनातच, तसा सेनापती तलवार धरून गरगर फिरला आणि थेट राजाच्या मांडीवर जाऊन बसला. लोक एकमेकांच्या अंगावर पडून हसले. वन्समोअर आला. परमेश्वरला बिनसुपारीचं ठसकावं लागलं.

चंद्रभान ओठ हलवत राहिला. लोक पहिल्यांदाच त्याच्या गाण्याला हसत होते आणि ते गाणं त्याचं नव्हतं. रागवावं कुणावर, तेच त्याला कळेना.

"आता हे पद असंच ठेवायचं," प्रयोग संपल्यावर उद्धवराव म्हणाले.

तो मिशा काढत बसला होता, तेवढ्यात त्याची बायको धुरपताबाई पडद्यामागं आली. ती शेजारच्या सरजाबाईबरोबर मागच्या गाडीनं आली होती आणि बायकांत बसून नाटक पाहत होती. झाल्या प्रकाराचा तिला पत्ता नव्हता.

"ठसक्याचं जाऊ द्या," ती हळू म्हणाली. "पर आधीचं पद लय गोड म्हणलाव. लग्न झाल्यापून ऐकायले मी, असा सूर कवाच लागला नव्हता. रडू आलं मला."

पेटी बांधणाऱ्या परमेश्वरचे हात थांबले.

चंद्रभाननं बायकोकडं पाहिलं. तिचे डोळे अजून ओले होते. खरं सांगायला आवाज नव्हता, पण खूण करता आली असती. त्यानं थोडा वेळ विचार केला. मग छातीवर हात ठेवला आणि मान लववली.

"गळ्याला जपा आता," धुरपताबाई म्हणाली.

चंद्रभाननं मान डोलावली. त्याच्या मागं परमेश्वरनंही डोलावली.