‘दैनिक पाचोळा’ आणि मंगळवारचा आलेख

एका जंगलात एक वर्तमानपत्र निघत असे. हसू नका, मुलांनो. तुमच्या घरी येतं, तर त्यांच्याकडे का येऊ नये? त्याचं नाव ‘दैनिक पाचोळा’. ते पळसाच्या पानांवर छापत. सकाळी वाचून झालं की दुपारी खाता येई. ही सोय तुमच्या वर्तमानपत्रात नाही.

संपादक होते धनेशराव. धनेश पक्ष्याची चोच केवढी असते, ते तुम्ही चित्रात पाहिलं असेल. त्या चोचीच्या वजनामुळे त्यांना खाली वाकून बघणं जमत नसे. म्हणून ते उंच फांदीवर बसून अग्रलेख लिहीत. खाली काय चाललंय ते बघून यायचं काम टिटवीकडे होतं.

टिटवी हुशार होती, कष्टाळू होती. अडचण एवढीच की ती टिटवी होती. काही वावगं दिसलं की ओरडायची. साप दिसला, ओरडली. धूर दिसला, ओरडली. त्यामुळे ती ओरडली की सगळे म्हणत, “झालं सुरू हिचं,” आणि पुन्हा चरायला लागत. म्हाताऱ्या सांबरी तर बोटं नसतानाही तिच्या नावानं बोटं मोडत.

जंगलाचा राजा वाघ. दर मंगळवारी वडाखाली त्याचा दरबार भरे. कुणीही यावं, तक्रार सांगावी. कुणी पाणी गढूळ केलं, कुणी वाट अडवली, माकडांनी वरून काय काय टाकलं. महाराज सगळं शांतपणे ऐकत. ऐकताना बोलणाऱ्याच्या मानेकडे टक लावून बघत.

एका मंगळवारी धोंडबा नावाचा भेकर दरबारात गेला. पाणवठ्याच्या वाटेवर काटे पडलेत, एवढंच त्याला सांगायचं होतं. रांगेत तो शेवटचा होता. संध्याकाळी बाकीचे घरी आले, धोंडबा आला नाही.

त्याची बायको साळू. तिनं बरेच दिवस वाट पाहिली. मग ती माहिती खात्याच्या मोराकडे गेली. मोरानं पिसारा फुलवला. कुणी काही विचारलं की तो आधी पिसारा फुलवत असे, म्हणजे उत्तराची घाई राहत नाही.

“बेपत्ता? त्याची तक्रार दरबारात द्यावी लागते बाई. स्वतः यायचं, एकट्यानं. अशा नाजूक तक्रारी महाराज सगळ्यात शेवटी, एकांतात ऐकतात.”

“आणि नाही आले तर?”

“तर आमच्या लेखी तो घरीच आहे. घरी असलेल्याला आम्ही कसं शोधणार?”

साळू टिटवीकडे आली. “ताई, येत्या मंगळवारी जाते मी. पाडसाला शेजारी ठेवीन. एकदा तक्रार घातली की शोधतील तरी.”

“जाऊ नकोस!” टिटवी ओरडली.

“तू काय, रोजच ओरडतेस ग. हाती काही असलं तर छापून आण. छापून आलं तर ऐकीन मी.”

हे टिटवीला लागलं. पण बोलणं खरं होतं, हेही तिला कळलं.

त्याच सुमाराला सहलीला आलेली माणसं वेफर्सच्या रिकाम्या पाकिटांबरोबर एक कॉम्प्युटरही जंगलात विसरून गेली होती. वनखात्याच्या सोलर पंपाची तार जोडल्यावर तो चालू झाला. बटणं दाबायला सुतार पक्षी नेमला. त्याला टकटक कर म्हणून सांगावं लागत नाही, थांब म्हणून सांगावं लागतं.

आता टिटवीनं काय केलं ते नीट ऐका. ‘पाचोळ्या’त शेवटच्या पानावर ‘थोडक्यात’ नावाचं सदर असे. त्यात कोपऱ्यात बारीक बातम्या येत. ‘ससा बेपत्ता.’ ‘चितळ घरी परतले नाही.’ वर पाणकोंबडीचा साखरपुडा, खाली हरवलेलं अंडं, मध्ये हे. अशी एकेकटी बातमी वाचली की वाटे, गेला असेल कुठे, येईल. टिटवीनं ठरवलं, या सगळ्या बातम्या एका जागी आणायच्या. कोण गेलं, कोणत्या वारी गेलं, कुठे जायला निघालं होतं.

पण जुने अंक मिळेनात, कारण वाचकांनी ते खाल्ले होते. म्हणून टिटवी घरोघर गेली. बिळात डोकावली, झाडीत विचारलं. लोक आधी म्हणत, “झालं सुरू हिचं,” आणि मग हळूच सांगत. ती सांगे, सुतार टकटक करी.

एक ससा तीनदा बेपत्ता निघाला. टिटवी उडत जाऊन बघून आली, तर दरवेळी तो सासुरवाडीला गेलेला. तिनं त्याला तिन्हीदा वगळला. एक घोरपड बेपत्ता नव्हतीच, नुसती हलत नव्हती. तीही वगळली. हे काम फार कंटाळवाणं असतं, मुलांनो. म्हणून ते करणारे थोडे असतात आणि आलेख काढणारे पुष्कळ.

शेवटी सुतारानं एक बटण दाबलं. पडद्यावर सात खांब उभे राहिले, एकेका वाराचा एकेक. सहा वार गवतासारखे बुटके. मंगळवार वारुळासारखा उंच. आणि मंगळवारचे झाडून सगळे एकाच ठिकाणी जायला निघालेले. दरबारात.

टिटवीला जन्मात पहिल्यांदा ओरडता आलं नाही.

ती धनेशरावांकडे गेली. त्यांनी आलेख पाहिला आणि पंख फडफडवले.

“वा! याला म्हणतात डेटा! पहिल्या पानावर घेऊ. सुतारालाही चहा सांग.”

“मथळा देऊ?” टिटवी म्हणाली. “‘दरबारात गेलेले परत येत नाहीत.’”

धनेशरावांचे पंख मिटले. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. महाराजांचा वाढदिवस जवळ आला होता आणि शुभेच्छांनी अंकाची निम्मी पानं आधीच भरलेली होती.

“हे बघ टिटवी, आकडा एकही बदलायचा नाही. ते पाप माझ्या हातून होणार नाही. पण दरबार मंगळवारी असतो, हे जंगलात कुणाला माहीत नाही? मग पुन्हा लिहून जागा कशाला घालवायची? आपण आकडे द्यायचे. आपला वाचक सुज्ञ आहे.”

टिटवीनं विचार केला. आकडे खरे होते. आलेख खरा होता. मंगळवार दोनच दिवसांवर होता आणि साळू जाणार होती. काहीच न छापण्यापेक्षा हे बरं.

“छापा,” ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी मथळा आला : ‘मंगळवार घातक!’

जंगलात एकच खळबळ उडाली. घुबड ज्योतिषी म्हणाला, मंगळ वक्री आहे, मी कधीपासून सांगतोय. चितळांनी मंगळवारचा उपवास धरला, म्हणजे त्या दिवशी फक्त कोवळं गवत. एका सांबरानं तर मंगळवार आठवड्यातून काढूनच टाकावा अशी सूचना केली. दरबाराबद्दल चकार शब्द कुणी काढला नाही. सुज्ञ वाचक असेच असतात.

साळू ते पान घेऊन आली. “वाचलं ग ताई. नाही जात मंगळवारी.”

टिटवीचा जीव भांड्यात पडला. तरी ती हळूच म्हणाली, “अगं, वारात काही नाही. घात आहे तो दरबारात.”

साळूनं पान उलटून पाहिलं, पुन्हा सुलटं केलं. “कुठं लिहिलंय?”

 टिटवीनं मनाची समजूत घातली. दरबार मंगळवारीच असतो. ही मंगळवारी जाणार नाही, म्हणजे झालंच की.

अंक महाराजांकडेही गेला. मोर पिसारा मिटून उभा होता.

“बातमी खोटी आहे?” महाराजांनी विचारलं.

“आकडे खरे आहेत, महाराज.”

“मग बंदी घालू?”

“छे, छे. बंदी घातली की लोक लक्ष देऊन वाचतात. मंगळवार फार उंच दिसतो, एवढीच तक्रार आहे ना? मग बाकीचे वारही तेवढेच उंच करू.”

 महाराजांनी ओठांवरून जीभ फिरवली. “म्हणजे रोज दरबार? फार दगदग होईल. पण प्रजेसाठी एवढं करायलाच हवं.”

दवंडी पिटली. मंगळवारची गर्दी टाळण्यासाठी आता दरबार रोज भरेल. प्रजेनं जयजयकार केला. तेव्हापासून महाराजांची प्रकृती सुधारली, असं ‘पाचोळ्या’तच आलं होतं.

काही आठवड्यांनी टिटवीनं नवी माहिती भरली. सुतारानं बटण दाबलं. सात खांब उभे राहिले. सगळे सारखे, सगळे वारुळाएवढे. वरून एक फळी ठेवली असती तर झोपायला खाट झाली असती.

धनेशराव आनंदानं ओरडले, “मंगळवार वेगळा दिसतच नाही!”

“साहेब, तो खाली आला नाही. बाकीचे वर गेलेत.”

“अगं पण कुठं काही खटकतंय का? सगळं कसं एका रेषेत आहे. धोका असता तर एखादा वार वर डोकावला नसता?”

टिटवी ओरडली. खूप ओरडली.

“झालं सुरू हिचं,” धनेशराव म्हणाले आणि मथळा लिहायला बसले : ‘“पाचोळ्या”च्या बातमीचा दणका! मंगळवारचा धोका टळला.’ शेजारी आलेख आणि खाली ठळक अक्षरांत टिटवीचं नाव. कामाचं श्रेय ज्याचं त्याला द्यायचं, या बाबतीत धनेशराव काटेकोर होते.

बुधवारी महाराजांनी टिटवीचा जाहीर सत्कार केला. मोराचं एक पीस आणि नारळ दिला. टाळ्या झाल्या. सत्कार आटोपला तसे सगळे पांगले. टिटवीही नारळ तिथेच टाकून निघाली. तो तिला उचलतही नव्हता.

वडाच्या अलीकडे पायवाटेवर तिला साळू भेटली. एकटीच होती. अंग चाटूनपुसून स्वच्छ केलेलं, तोंडात ‘पाचोळ्या’चं पान.

टिटवी तिच्या डोक्यावर घिरट्या घालू लागली. “मागे फिर! साळू, मागे फिर! जाऊ नकोस!”

साळूनं पान खाली ठेवलं आणि वर पाहिलं. तिला टिटवीचा राग आला नव्हता. उलट तिचे डोळे भरून आले होते.

“आता कशाला ओरडतेस ग? तूच तर माझ्यासाठी छापून आणलंस. धोका टळला म्हणून लिहिलंय. हे बघ, खाली तुझंच नाव आहे.”

मग तिनं पान पुन्हा तोंडात धरलं आणि ती वडाकडे चालू लागली.

मुलांनो, इथे मला वाईट वाटतं आणि मी ते लपवणार नाही.

पाडस शेजारीच राहिलं. गुरुवारच्या अंकात ‘थोडक्यात’मध्ये बारीक अक्षरांत आलं : ‘भेकरीण घरी परतली नाही.’ सुतारानं ते बुधवारात भरलं. खांब सगळे सारखेच राहिले.

टिटवीनं मात्र कॉम्प्युटर सोडला. ती आता माळावर असते आणि नुसती ओरडते. तुम्हीही कधी ऐकलं असेल. ऐकून काय म्हणता, ते मला माहीत आहे.

तात्पर्य : संकट एकाच वारी येऊ देऊ नये, सगळ्या वारांना सारखं वाटून द्यावं. मग त्याला कुणी संकट म्हणत नाही, सरासरी म्हणतात.