दीर्घिका जागेवर नाही

"आकाश माझ्यावर सोपवा," ग्रंथपाल म्हणाले, "थंडी सरायच्या आत हातावेगळं करतो."

हे वाक्य त्यांनी दातांच्या दवाखान्यात, पण पूर्ण शुद्धीत उच्चारलं. खगोल मंडळाचे अध्यक्ष दंतवैद्य होते, त्यामुळे दवाखाना बंद झाला की मंडळाच्या बैठका तिथेच भरत. खुर्च्या सभासदांपेक्षा एकने कमी होत्या. उशिरा येणारा सभासद दात काढायच्या खुर्चीत आडवा होऊन मतदान करी आणि सहसा ठरावाच्या विरुद्ध जात नसे.

त्या दिवशी विषय होता एका जुन्या यादीचा. फार पूर्वी धूमकेतू शोधणाऱ्या एका माणसाला आकाशात पांढुरके ठिपके सारखे आडवे येत. दिसायचे धूमकेतूसारखे, पण जागचे हलायचे नाहीत. शेवटी वैतागून त्याने त्यांची यादीच करून टाकली, म्हणजे पुन्हा फसायला नको. त्यात ताऱ्यांचे गुच्छ होते, तेजोमेघ होते, अख्ख्याच्या अख्ख्या दीर्घिका होत्या. त्या बिचाऱ्याची ही अडगळ आज हौशी मंडळींचा खजिना होऊन बसली आहे. यंदा आपल्या दुर्बिणीतून जमतील तेवढे ठिपके पाहावेत आणि वार्षिक सभेत अहवाल वाचावा, एवढंच अध्यक्षांच्या मनात होतं.

"पाहणं निराळं आणि पडताळणी निराळी," ग्रंथपाल म्हणाले. "माझ्या उभ्या नोकरीत एक पुस्तक गहाळ झालेलं नाही."

हे सगळ्यांना ठाऊक होतं. एका शस्त्रक्रियेच्या वेळी भूल चढता चढता ते हेच सांगत होते आणि शुद्धीवर आल्यावर त्यांनी राहिलेलं अर्धं वाक्य पुरं केलं होतं.

दुर्बीण ग्रंथपालांच्या गच्चीवर आली आणि त्याच दिवशी जिन्याच्या दारावर पाटी लागली: 'पडताळणी चालू. देवघेव बंद.' दुसऱ्या दिवशी अध्यक्ष आपल्या मेहुण्याला शनी दाखवायला घेऊन आले.

"आज मिळणार नाही," ग्रंथपाल म्हणाले.

"अहो, नुसता बघून परत देतो."

"सगळे असंच म्हणतात. नंतर पान फाटलेलं निघतं."

"शनीचं?"

"कशाचंही."

मेहुण्याला शनीऐवजी चहा पाजून परत पाठवण्यात आलं.

काम मात्र झपाट्याने चाललं. अंधार पडला की ग्रंथपाल गळपट्टा गुंडाळून वर जात, एकेक नग शोधत आणि जागेवर सापडला की खूण करून शेरा लिहीत. घट्ट गोळा झालेल्या तारकागुच्छापुढे 'बांधणी उत्तम' असं लिहिलं. विखुरलेल्या गुच्छापुढे 'बांधणी सुटली आहे, शिवून घ्यावे'. तेजोमेघापुढे 'धूळ फार. याआधी कोणी झटकलेली दिसत नाही'.

आणि मग ती दीर्घिका आली. म्हणजे आली नाही, तोच तर घोटाळा. नकाशाप्रमाणे जागा बरोबर होती. शेजारचे तारे आपापल्या जागी इमानदारीने उभे होते. मधली जागा मात्र रिकामी! सलग कितीतरी संध्याकाळी ग्रंथपालांनी तिथे डोळे रोखले, पण काळ्याशार कपाटात पुस्तकाची फट दिसावी तसं दिसे.

"गहाळ," ते जेवताना म्हणाले.

"काय गहाळ?" बायकोने विचारलं.

"दीर्घिका."

"कुठे जातेय? असेल तिथेच. तुम्हाला फडताळात नाकासमोरची मिठाची बरणी कधी सापडली आहे का?"

ग्रंथपालांनी बैठक बोलावली आणि अपराधी पुढे यावा अशा सुरात विचारलं, "ही शेवटची कोणी पाहिली?"

सगळ्यांनीच पाहिली होती. अध्यक्षांच्या मते ती लांबट होती, मंडळातल्या गणिताच्या बाईंच्या मते गोल.

"दोघांनी एकाच दिवशी पाहिली?"

"एकाच," बाई म्हणाल्या. मग जरा घुटमळल्या. "खरं सांगू का, मी रांगेत डॉक्टरांच्या मागे होते. ते 'वा' म्हणाले, म्हणून मीही 'वा' म्हणाले."

"मग डॉक्टर, तुम्ही?"

"मी अध्यक्ष आहे," डॉक्टर म्हणाले. "मला 'वा' म्हणावंच लागतं. तुम्ही उगाच ताणू नका हो. पाहिली म्हणून लिहा आणि मोकळे व्हा. येत्या रविवारी सभा आहे."

"स्वतः पाहिल्याशिवाय मी खूण केलेली नाही. करणार नाही. नाही दिसली तर अहवालात 'गहाळ' वाचीन, आणि खाली सही माझी असेल." आयुष्यभरात एक पुस्तक गेलं नव्हतं, आणि गेली ती एकदम दीर्घिका.

दुसऱ्या संध्याकाळी बायको वाळत घातलेले कपडे काढायला वर आली. ग्रंथपालांचं तोंड बघून तिला दया आली. "बघू," म्हणत तिने दुर्बिणीला डोळा लावला. तेवढ्यात समोरच्या इमारतीत रंगवाल्यांकडे नवा सोफा जिन्यात अडकल्याची आरडाओरड झाली. रंगवाले म्हणजे रंगाच्या दुकानाचे मालक, आवाजाने आणि अंगाने भरघोस. सोफा कसला आहे हे बघायचं होतं, पण नवऱ्याचं मनही मोडायचं नव्हतं, म्हणून तिने डोळा न काढता बुबुळ तेवढं तिकडे वळवलं.

"ही काय," ती म्हणाली. "कडेला. फुंकर मारल्यासारखं पांढुरकं. सरळ बघितलं की जाते मेली."

ग्रंथपालांनी तातडीने गणिताच्या बाईंना फोन लावला. बाईंनी पुस्तक उघडून खात्री केली. अंधारात डोळ्याच्या मधल्या भागापेक्षा कडेला जास्त दिसतं. अंधुक वस्तू बघायची तर नजर जराशी बाजूला टाकायची, अशी रीतच आहे म्हणे.

रीत समजली, पण ग्रंथपालांना ती साधेना. जन्मभर पुस्तकांच्या पाठीवरचे क्रमांक सरळ वाचलेला माणूस! नजर बाजूला टाकली की ती आज्ञाधारकपणे परत मधोमध येऊन उभी राही. म्हणून त्यांनी दिवसाढवळ्या सराव सुरू केला. समोर बघतोय असं दाखवायचं आणि कडेचं टिपायचं. भाजी घेताना ते दोडक्याकडे तोंड करून भोपळ्याचा भाव विचारू लागले. बँकेत त्यांची तिरपी नजर बराच वेळ तिजोरीवर राहिल्यामुळे पहारेकऱ्याने त्यांना खुर्ची दिली आणि स्वतः शेजारी बसला. गच्चीवर तर रोज सकाळी समोर रंगवाले वहिनी कपडे वाळत घालायच्या वेळीच ग्रंथपाल पाण्याच्या टाकीकडे तोंड करून निश्चल उभे राहत.

"समोरच्या वहिनी विचारत होत्या," बायको म्हणाली, "तुमच्या ह्यांना मान दुखते का म्हणून."

"मग काय सांगितलंस?"

"मान नाही, वय दुखतं म्हटलं."

शनिवार उजाडला, मावळला. अहवालात एक जागा कोरी होती. अंधार पडताच ग्रंथपालांनी शेवटचा प्रयत्न म्हणून दुर्बीण रोखली. तारे आपल्या जागी, मधे काळं. तेवढ्यात समोरच्या गच्चीवरून रंगवाल्यांचा आवाज फुटला.

"ओ ग्रंथपाल! चार दिवस बघतोय मी. तुम्ही नक्की कुठे बघता?"

ग्रंथपाल दचकले. डोळा दुर्बिणीलाच राहिला, पण बुबुळ आवाजाच्या दिशेने आपोआप सरकलं, आणि काळोखात धुराची एक नाजूक रेघ उमटली.

"बोला," ग्रंथपाल श्वास रोखून म्हणाले. "थांबू नका."

"थांबू नका? या वयात लाज नाही वाटत? माझी बायको कपडे वाळत घालते आणि तुम्ही…"

"थोडं डावीकडे सरकून बोलता का?"

रंगवाले डावीकडे सरकले नाहीत. ते जिना उतरले, रस्ता ओलांडला, जिना चढले आणि दारावरच्या पाटीला न जुमानता गच्चीवर दाखल झाले. तोवर ग्रंथपालांची खूण करून झाली होती. त्यांनी उठून रंगवाल्यांचे दोन्ही हात हातात घेतले. डोळ्यांत पाणी होतं. मग सगळी हकिकत सांगितली, तिरप्या नजरेसकट. रंगवाले आधी चक्रावले, मग गडगडाटी हसले.

"मलाही दाखवा की तुमची ती गहाळ बाई."

आजच्या दिवशी ग्रंथपाल कशालाच नाही म्हणणार नव्हते. रंगवाल्यांनी डोळा लावला. दुकानात पांढऱ्याच्या अनेक छटा वेगळ्या काढायची सवय; त्यांना वेळ लागला नाही.

"दिसल्या. छान आहेत दोघी."

"दोघी?"

"एक मोठी, आणि तिच्या खांद्याशी एक बारकी."

ग्रंथपालांचा चेहरा उतरला. यादीत नोंद एकीचीच होती. गहाळ पुस्तकाचा निदान चोराला दोष देता येतो. नोंद नसलेलं जादा निघालं तर तो सरळसरळ ग्रंथपालाचा गलथानपणा. ते घाईने दुर्बिणीवर वाकले. मधोमध काळं. कडेलाही काळं.

"रंगवाले, मघासारखं ओरडा बरं एकदा."

"आता कसा ओरडू? माझा राग गेला ना हो."

ग्रंथपालांनी दुर्बिणीवरचा डोळा हलवला नाही. मग अतिशय सभ्य आवाजात त्यांनी विचारलं,

"वहिनी गच्चीवर येतील का?"