बोर्बोरिग्मसची लढाई व दाढेचा तह

ईश्वरस्मरण करोन लिहिण्यास कारण ऐसे जे, ग्रीस देशी नॅक्सोस बेटी फिलोती गावी राजश्री थ्रासिव्हुलोस, बटाट्याच्या वावरांचे धनी, शब्दाचे करडे, मिशांचा आब राखोन नांदत असता, त्यांची कन्या एव्हान्थिया हिने लीड्स शहरीचा डेस्मंड नामे इंग्रज, पेशाने गुरांचा डॉक्टर, वर म्हणोन पसंत केला, आणि तो रविवारी भोजनास हजर जाहला. त्यास ग्रीक येईना, राजश्रींस इंग्रजीचे वावडे. त्यात राजश्रींची डावी दाढ बहुत ठणकत होती. परंतु दंतवैद्याचे नाव निघताच हा शूर पुरुष वावरात दडे, सबब ही खबर खुद्द पत्नी कलिरोईबाई यांसही दिली नव्हती. मग भट्टीतले कोकरू व बटाटे ताटी आले, आणि राजश्री घास न घेता, गाल हाती धरोन, मुके बसले. सर्वांनी ताडले की स्वारीस वर नामंजूर.

एव्हान्थियाचे डोळे भरले. "बाबा, निदान जेवा तरी. हवं तर त्याच्याकडे बघू नका."

भूक नाही, ऐसे फर्मान सुटले.

आणि यजमानाने हात लावल्यावाचोन जेवू नये हे वळण पाळीत डेस्मंडही उपाशी. मग त्या शांततेत त्याचे उदरी जो गडगडाट उठला, तो शेजारच्या अंगणी ऐकू गेला. बिचारा कानापर्यंत लाल होऊन, पोटी हात ठेवोन वदला, "बोर्बोरिग्मस." म्हणजे पोटातील गुरगुर, इंग्रज डॉक्टरांचा आडवळणी शब्द, परंतु मूळचा ग्रीक.

राजश्रींनी मान वर केली. "व्होर्व्होरिग्मोस म्हणायचंय का याला? शब्द आपला आहे, पण उच्चाराची पार वाट लावलीय."

"त्यांच्याकडे डॉक्टर असंच बोलतात, बाबा."

तेणेकरोन डेस्मंडास हुरूप आला, आणि कॉलेजात पाठ केलेली सारी फौज त्याने मैदानी काढली. घसा दाखवोन 'झिरोस्टोमिया', म्हणजे तोंडास कोरड. कलिरोईबाईंनी तत्काळ वाइन ओतली. मग राजश्रींच्या भरल्या ताटाकडे बोट करोन 'अनोरेक्सिया', म्हणजे भूक मेली. आणि मग सुजला गाल निरखोन, हलकेच, "ओडोंटाल्जिया?" म्हणजे दंतशूळ.

किल्ल्याची चोरवाट गनिमास सापडली.

"दाढ दुखतेय होय?" कलिरोईबाई कडाडल्या. "आणि मी मेली समजतेय, पोरीच्या लग्नावर रुसलात."

"गुरांचा डॉक्टर आहे तो. त्यानं बैलाचे दात बघावेत."

डेस्मंडास यातील अवाक्षर न कळता त्याने अदबीने पुसले, "ओडोंटोफोबिया?" म्हणजे दंतवैद्याचे भय.

राजश्रींस घाम फुटला. मुकरावे, तर शब्द आपल्याच पूर्वजांचे. कबूल व्हावे, तर मिशांची शोभा. अखेर त्यांनी इतकेच फर्मावले की, दंतवैद्याकडे जातो, परंतु यानेही बरोबर यावे.

दुसरे दिवशी उभयता बंदराच्या शहरी दंतवैद्य बाईंकडे दाखल जाहले. सुई दिसताच राजश्रींनी डेस्मंडाचा हात ऐसा आवळला की त्याची बोटे पांढरी पडली. परंतु तो हटला नाही. दाढ पडली.

"हे बरोबर आलेत ते कोण?" बाईंनी पुसले.

अर्धे तोंड बधिर, ओठ ताब्यात नाही, ऐशा हालतीत राजश्रींनी जबाब दिला, "दावई."

उच्चाराची पार वाट लागली, परंतु अर्थ सर्वांस उमगला. फत्ते ती हीच. तिची नोंद जैसी घडली तैसी केली असे.