ज्वालामुखीसाठी हीटर

जुना जादूचा सिनेमा घरी कसा बघावा, हे मला विचारा! मी इलेक्ट्रिशियन आहे. अर्ध्या गावाचे दिवे माझ्या हातून लागलेत.

सासरे दोन दिवसांसाठी आले होते. बोलता बोलता म्हणाले, की दहा वर्षांचे असताना त्यांनी उडत्या नावेचा सिनेमा पाहिला होता. राजकन्येला घेऊन नाव ज्वालामुखीवर आली आणि नेमकी थिएटरची वीज गेली! नाव पलीकडे उतरली की नाही, याचा घोर त्यांना साठ वर्षं लागून राहिलाय. तो सिनेमा मी शोधून काढला. पण आजच दाखवायला हवा होता, कारण त्यांची बस संध्याकाळी पाचची. बायको म्हणाली, "अहो, फोनवर दाखवा की."

फोनवर! ज्वालामुखी काय तळहातावर बघायचा असतो? मी ओळखीतून प्रोजेक्टर मागून आणला, भिंतीवर चादर ताणली, खिडक्यांना ब्लँकेटं लावली, चार कोपऱ्यांत चार स्पीकर. नाव उडताना वारा हवा म्हणून टेबलफॅन, आणि ज्वालामुखीची धग लागावी म्हणून चक्क हीटर! आणि हे सगळं एकाच एक्स्टेन्शन बोर्डावर. असं करणाऱ्या गिऱ्हाइकांना मी रोज फैलावर घेतो. पण घरचं काम म्हटलं की माझं डोकं सुट्टीवर जातं.

सिनेमा काय रंगला म्हणून सांगू! वाऱ्यानं सासऱ्यांचे उरलेसुरले केस उडत होते, माझा गुडघा त्यांनी घट्ट धरला होता. नाव ज्वालामुखीवर आली. मी मोठ्या दिमाखात हीटर लावला.

फट्! सगळीकडे अंधार, आणि बोर्डातून धूर.

"दोन मिनिटांत लाइट आणतो," म्हणत मी फ्यूज बघायला स्टुलावर चढलो. फ्यूजची तार घरात नव्हती, दुकानात होती. धावत दुकान गाठलं, तर किल्ली घरी! दुसऱ्या खेपेला तार घेऊन परतलो, तेव्हा पावणेपाच वाजले होते.

सासरे खिडकीपाशी बसले होते. ब्लँकेट बाजूला सारलेलं, हातात बायकोचा फोन. डोळे पुसत म्हणाले, "जावईबापू, उतरली हो नाव! राजकन्यासुद्धा सुखरूप आहे." मलाही भरून आलं.

मग पिशवी उचलता उचलता ते म्हणाले, "तेव्हाही थिएटरचा वायरमन 'दोन मिनिटांत लाइट आणतो' म्हणत असाच स्टुलावर चढला होता."

थिएटर कुठलं, हे मी विचारलं नाही. आमचा हा धंदा वडिलोपार्जित आहे.