शिफारस केलेले वाचक

गंगाखेडहून राणीसावरगावच्या रस्त्याला लागलं की डाव्या हाताला एक वरिष्ठ महाविद्यालय होतं. त्यात मानसशास्त्र विभाग होता आणि त्या विभागात दैवशाला मॅडम होत्या. विभागात याखेरीज काही नव्हतं. मॅडम तासिका तत्त्वावर शिकवत, म्हणजे तास सुरू झाला की त्या प्राध्यापक असत आणि तास संपला की नसत. त्यांच्या नेमणुकीचं नूतनीकरण दर उन्हाळ्यात व्हायचं आणि ते प्राचार्य किशनराव यांच्या मर्जीवर असायचं.

यंदा अभ्यासक्रमात नवा पेपर आला होता, ‘मानसशास्त्रातील गणिती व सांख्यिकी पद्धती’. त्याच्या तळाशी बारीक अक्षरात ‘शिफारस केलेले वाचन’ असं छापून खाली पुस्तकांची नावं दिली होती. अशी नावं प्रत्येक पेपराखाली असतात. लग्नपत्रिकेत भावकीची नावं मानासाठी छापतात, तशी तीही मानाची असतात. ती वाचणं कोणाला अपेक्षित नसतं. पण यंदा मूल्यांकन समिती येणार होती, आणि समितीनं आधीच विचारलं होतं, ‘शिफारस केलेले वाचन प्रत्यक्षात केले जाते काय? असल्यास संख्यात्मक पुरावा सादर करावा.’

दैवशाला मॅडम सरळ ग्रंथालयात गेल्या. ग्रंथपाल बालाजी कपाटाला पाठ लावून बसला होता.

“पुस्तक हाय की मॅडम. न्हाई कोन म्हनतंय?” त्यानं काचेतून दाखवलं. जाडजूड, जांभळ्या पुठ्ठ्याचं पुस्तक, अंगावरचा प्लास्टिकचा कागद अजून तसाच.

“मग पोरांना द्या.”

“ते कसं देता येईल? शिफारस केलेलं हाय ते. पोरं वाचतील, खराब करतील. मग समिती आल्यावर दाखवायचं काय?”

मॅडमनी कपाटाच्या कुलपाकडे पाहिलं. त्या किशनरावांकडे गेल्या. किशनराव मूळचे इतिहासाचे. एखादी गोष्ट घडली नसली तरी ती घडल्याची नोंद कशी करावी, हे त्यांना ठाऊक होतं.

“वाचल्याचा पुरावा द्यायला वाचायची गरज नाही, मॅडम. पेपर कशाचा आहे? सांख्यिकीचा. मग सर्वेक्षण घ्या आणि सांख्यिकीनंच सिद्ध करा.”

मॅडमनी प्रश्नावली केली. ‘मी शिफारस केलेले वाचन केले आहे’ असं एकच विधान, आणि पुढे ‘पूर्णतः असहमत’पासून ‘पूर्णतः सहमत’पर्यंत ओळीनं चौकोन. तमाम वर्गानं शेवटच्या चौकोनात खूण केली. पप्पू नावाच्या एका प्रामाणिक पोरानं तेवढं विचारलं, “मॅडम, पुस्तकाचं नाव काय हाय?”

“ते प्रश्नावलीत विचारलेलं नाही,” मॅडम म्हणाल्या, आणि पप्पूनं समाधानानं खूण केली.

निकालावर किशनराव खूश झाले, पण संगणक होईना. सगळ्यांचं उत्तर एकसारखंच असल्यानं भिन्नता शून्य आहे आणि असल्या आकड्यांचं काहीही निघत नाही, असं त्यानं लाल अक्षरांत कळवलं. किशनरावांनी समितीच्या अध्यक्षांना फोन लावला. अध्यक्ष समजूतदार होते.

“एकमत ग्रामसभेत ठीक आहे, सर. आकडेवारीला वक्र लागतो. घंटेसारखा. मध्ये फुगवटा, दोन्ही बाजूंना उतार. तो आणा, बाकी आम्ही पाहतो.”

किशनरावांनी शिपायाला कॉलेजची घंटा आणायला सांगितली. पण कॉलेजची घंटा म्हणजे भंगारातून आणलेला रुळाचा तुकडा होता आणि तो सरळसोट होता. शेवटी मारुतीच्या देवळातली घंटा पुजाऱ्याची समजूत काढून आणली, टेबलावर ठेवली, कागद लावून तिची आकृती काढली आणि परत नेऊन टांगली. मग एक वक्र समिती नेमली गेली. समितीनं प्रत्येक विद्यार्थ्याला वक्रावर जागा नेमून दिली: उजव्या टोकाला भरपूर वाचलेले, मधल्या फुगवट्यात साधारण वाचलेले आणि डाव्या टोकाला अजिबात न वाचलेले. वक्र फलकावर लावला.

दुसऱ्या दिवशी सकाळी पप्पूचे वडील आश्रुबा मॅडमच्या टेबलापुढं येऊन उभे राहिले.

“मॅडम, आमच्या पप्पूला शेपटात का घातलं?”

“शेपूट नाही, दादा. डावं टोक आहे ते.”

“कोन्तं का आसंना. आमच्या खानदानात कुनी शेपटात बसलेलं न्हाई. त्याला फुगवट्यात घ्या. तिथं लय जागा हाय म्हनं.”

“त्यानं पुस्तक वाचलंय का?”

“पुस्तकाचा हितं काय संबंध?” आश्रुबांनी अगदी सरळ मनानं विचारलं. मॅडमनी विचार करून पाहिला. संबंध खरोखरच नव्हता. त्यांनी पप्पूला फुगवट्यात घेतलं.

ही खबर तालुकाभर पसरली. सरपंचांचा भाचा, सोसायटीच्या चेअरमनची पुतणी, खुद्द किशनरावांच्या मेहुण्यांचा पोरगा, सगळ्यांसाठी शब्द येऊ लागले. ज्याचा शब्द जड, तो उजव्या टोकाला; ज्याचा हलका, तो फुगवट्यात. शिफारस केलेले वाचन मागं पडलं आणि शिफारस केलेले वाचक पुढं आले. वक्राचा घंटेशी संबंध राहिला नाही. तो गाभण म्हशीसारखा दिसू लागला. डावं टोक मात्र ओस पडलं, आणि डाव्या टोकाशिवाय वक्र होत नाही. तेव्हा ज्यांचे आईबाप ऊसतोडीला गेले होते, ती पोरं तिकडं लावली. त्यांच्यासाठी शब्द टाकायला गावात कोणी उरलं नव्हतं. वक्र समितीच्या अहवालात याला ‘नैसर्गिक वितरण’ असं म्हटलं होतं.

त्या पोरांत सृष्टी होती. आईबाप कारखान्यावर गेलेले, ती आजीजवळ राहायची. फलक वाचून ती मॅडमकडे आली.

“मॅडम, मी न वाचलेल्यांत हाय म्हनं.”

“कागदावर फक्त गं.”

“हरकत न्हाई. पन काय वाचलं न्हाई ते तरी बघू द्या की. उद्या कुनी विचारलं, काय वाचलं न्हाईस, तर काय सांगू?”

मॅडमनी हातातली हजेरी मिटली. मग उठल्या आणि बालाजीपुढं जाऊन उभ्या राहिल्या.

“बालाजी, तुमची अडचण काय, तर पोरं वाचतील आणि पुस्तक खराब होईल. पण ही न वाचणाऱ्यांत नेमलेली आहे. रीतसर. न वाचणाऱ्या मुलीच्या हातात पुस्तक दिलं तर ते खराब कसं होणार?”

बालाजीनं हे उलटंसुलटं करून पाहिलं. खोट सापडली नाही. त्यानं कुलूप काढलं.

सृष्टीनं प्लास्टिक फाडलं आणि वाचायला घेतलं. तिला जे कळायचं नाही ते ती मॅडमना विचारी. मॅडमही हा विषय गाइडावर पास झालेल्या. उत्तर द्यायचं म्हणून त्यांनाही तेच पान उघडावं लागलं. संभाव्यतेच्या प्रकरणाला दोघी अडल्या, तेव्हा सृष्टीच्या घरी अंगणात बसून त्यांनी एका बाजूनं घासून पांढरे केलेले मूठभर चिंचोके पुन्हा पुन्हा उडवले. पांढरे किती, काळे किती, असं मांडत गेल्या, आणि मांडता मांडता आपोआप एक घंटा उभी राहिली, मधे फुगलेली, दोन्हीकडं उतरलेली. कोणाचाही शब्द न आणता चिंचोके आपापल्या जागी जाऊन बसले होते. दैवशाला मॅडम इतक्या हसल्या की त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

सृष्टीची आजी बायनाबाई ओट्यावरून बघत होती. “तासाभरापून चिंचोके उडवायल्यात,” ती शेजारणीला म्हणाली. “अन् म्हनं कॉलेज.”

मूल्यांकन समिती आली तेव्हा सभागृहात विद्यार्थी वक्राप्रमाणे बसवले होते. अध्यक्षांनी वक्राची फार स्तुती केली आणि निघता निघता, केवळ रीत म्हणून, विचारलं, “पुस्तकात काय आहे, कोणी सांगेल का?”

उजवं टोक गप्प. फुगवटा साधारण गप्प. मग डाव्या टोकाला सृष्टी उठली. पहिली काही प्रकरणं कशाची आहेत ते तिनं सांगितलं, शेवटची आपल्याला अजिबात कळली नाहीत हेही सांगितलं, आणि खाली बसली.

अध्यक्षांच्या कपाळाला आठी पडली. “न वाचणाऱ्यांत बसून वाचलेलं सांगायचं, हे वक्राला धरून नाही. हिला आउटलायर म्हणतात. आकडेवारी बिघडवणारा ठिपका. असा ठिपका वगळायचा असतो.”

किशनरावांनी मॅडमकडं वळून हळू आवाजात सांगितलं, “नाव काढा. आणि उन्हाळा जवळ आलाय, हेही ध्यानात असू द्या.”

मॅडमच्या हातात पेन होतं. सृष्टी त्यांच्याकडं बघत होती, रागानं नाही, नुसतं पुढं काय होतंय ते बघावं तसं. मॅडमनी पेनाचं टोपण काढलं. उन्हाळा डोळ्यांपुढं आला, आणि का कोण जाणे, अंगणातले चिंचोकेही आले.

“काढते सर,” त्या म्हणाल्या. “पण मग माझंही काढावं लागेल. मीही वाचलंय.”

दोघींना वगळलं गेलं. आकडेवारीतून वगळलं म्हणून बेरीज जुळेना, बेरीज जुळावी म्हणून हजेरीतून वगळलं. आता सृष्टीला कोणी हजेरी विचारेना, प्रश्नावली देईना, पाहुणे आले की स्वागताला उभं करीना. ती दिवसभर ग्रंथालयात पंख्याखाली बसू लागली. हे पोरांनी पाहिलं. पुस्तक वाचलं की माणूस वगळला जातो, असं ऐकताच ग्रंथालयाच्या दारात झुंबड उडाली. पुस्तक एक आणि वाचणारे वर्गभर. हैराण झालेल्या बालाजीनं शेवटी शिवण उसवली आणि एकेक प्रकरण वाटून टाकलं. चहाच्या टपरीवर पोरं एकमेकांना म्हणू लागली, “माझं मध्यमान झालं, तुझा सहसंबंध दे की.”

आश्रुबा पुन्हा मॅडमकडं आले. “मॅडम, पप्पूला फुगवट्यातून काढा. वगळा त्याला. पायजे तर सरपंचाचा शब्द आनतो.”

“शब्द नको दादा. त्यानं वाचलंय.”

“कामून वाचलं?” आश्रुबा काळजीत पडले. “शब्दानं झालं आसतं की.”

नव्या सर्वेक्षणात बेरीज भरून काढायला प्राचार्यांनाही धरलं होतं. सगळी पोरं उजवीकडं गेली. डावीकडं, फार दूर, एकच ठिपका उरला. किशनरावांनी तो बराच वेळ न्याहाळला, मग अध्यक्षांना फोन लावला.

“साहेब, नियम तोच ठेवला तर आता मला वगळावं लागतंय.”

प्रकरण गंभीर होतं. समितीनं तातडीची बैठक घेतली आणि ते पुस्तक शिफारस केलेल्या वाचनातून काढून टाकलं. कारण दिलं, ‘सदर पुस्तक वाचले जात असल्याचे आढळून आले.’ दैवशाला मॅडमना कमी करण्याचाही ठराव झाला, पण कमी करायला नाव आधी यादीत असावं लागतं आणि त्या तर केव्हाच वगळलेल्या होत्या. तेव्हापासून त्या बिनदिक्कत शिकवतात. कोणत्या तत्त्वावर, ते कोणाला सांगता येत नाही.

पुस्तकाच्या रिकाम्या जागी समितीनं पुष्कळ विचारांती व्यंगकथांची शिफारस केली. टिपणीत म्हटलं आहे की, हा प्रकार पूर्ण सुरक्षित असून तो वाचल्यानं वाचकाच्या वर्तनात काहीही फरक पडत नाही. प्रत्येक वाचक हसतो, शेजारच्या टेबलावरच्या माणसाकडं बघतो आणि गोष्ट त्याचीच आहे अशी खात्री करून घेतो. या ओळीपर्यंत आलेल्यांपैकी कोणी याला अपवाद असल्यास त्यानं तसं लेखी कळवावं, म्हणजे त्याला वगळता येईल.