उरलेली पाळी

"महांत्याऽऽ! साकुऽऽ! चल घरला!"

माणसाच्या चारित्र्याची घडण शाळेत होत नाही, देवळातही होत नाही. ती घरच्या हाकेनं होते. हे सत्य महांतेश रुद्राप्पा नेसरीकर यांना वयाच्या दहाव्या वर्षी कळलं, आणि पुढची तीस-बत्तीस वर्षं त्यांना त्यात दुरुस्ती सुचवावीशी वाटली नाही. त्या संध्याकाळी ते (तेव्हा 'ते' नव्हते, नुसता महांत्या होता) कसबा बावड्यातल्या साखर कारखान्यामागच्या माळावर विटीदांडू खेळत होते. वकट, लेंड, मुंड... आकडे चढत होते, पोरांचं कोंडाळं गप्प झालं होतं, आणि दांडूचा टोला असा बसला की विटी गिरक्या घेत थेट मावळतीच्या उजेडात शिरली. नेमकी तेव्हाच बाभळीजवळून वडिलांची हाक आली. रुद्राप्पा मूळचे नेसरीकडचे. त्यांच्या मराठीत घरची कानडी सुखानं नांदायची. 'साकु' म्हणजे पुरे. आणि रुद्राप्पांनी म्हटलं की पुरे म्हणजे पुरेच. महांत्यानं दांडू खाली ठेवला आणि मान खाली घालून घरची वाट धरली. विटी अजून वरच होती.

ती कुठं पडली, हे त्यानं कधी कुणाला विचारलं नाही. दांडूही परत धरला नाही. तो बी.कॉम. झाला, त्याचे 'ते' झाले, आणि नदीवरच्या सहकारी पाणीपुरवठा संस्थेत सचिव झाले. एका हाकेत एवढी ताकद असते.

सन १९९८च्या दिवाळीत महांतेशरावांच्या मेहुण्यानं भाचरांसाठी टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम आणला. खोक्यावर 'नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव खेळ' असं छापलं होतं. त्यांतले बहुतेक सगळे एकच होते, फक्त मागच्या आभाळाचा रंग बदलायचा. (त्यालाही कारागिरी लागतेच.) एक खेळ मात्र खरा. नारिंगी प्लास्टिकची बंदूक पडद्यावर रोखायची, गवतातून बदकं फडफडत उठायची, आणि उडत्या उडत्या ती टिपायची.

आठवड्याभरात घराची व्यवस्था ढासळली. बारा वर्षांची रक्षिता भाकरी तव्यावर टाकून बदकांकडे पळायची. नऊ वर्षांचा गुंडू वर्गात फळ्यावर नेम धरून बसायचा; मास्तर फळ्यापुढं आले की जास्तच. महांतेशरावांच्या पत्नी महादेवी यांनी फोडणी जळल्याचं खापर तीनदा बदकांवर फोडलं.

दुसरा बाप असता तर त्यानं गेम माळ्यावर टाकला असता. महांतेशराव प्रशासक होते. पाणी आणि पोरं यांत त्यांना फारसा फरक दिसत नसे; दोन्ही उताराकडं धावतात, आणि दोन्हींना बांध लागतो. त्यांनी जेवणानंतर घरातल्या घरात सभा बोलावली आणि संस्थेचे नियम जसेच्या तसे टीव्हीला लागू केले.

पहिला नियम: पाळी शेपटाकडून. पाटाच्या शेवटी ज्याचं रान, त्याला पहिलं पाणी. नाहीतर वरचेच पिऊन टाकतात. म्हणून आधी गुंडू, मग रक्षिता. रक्षितानं हरकत घेतली. हरकत विचारात घेण्यात आली. (म्हणजे महांतेशरावांनी मान हलवली.)

दुसरा: पाळी चालू असताना लाइट गेली तर पाळी बुडाली. लाइट का गेली, हे विचारायचं नाही. मोठी माणसंसुद्धा विचारत नाहीत.

तिसरा: गैरवर्तन झाल्यास पाळी कापली जाईल.

"अवो," महादेवी ताट उचलता उचलता म्हणाल्या, "पोरं हायत का उसाचं रान?"

"फरक दाखव," महांतेशराव म्हणाले. महादेवींनी गुंडूच्या गुडघ्यावरच्या चिखलाकडं बघितलं आणि त्या ताट घेऊन आत गेल्या.

चौथा नियम सगळ्यांत महत्त्वाचा. संस्थेच्या मोटरची किल्ली जशी एका विश्वासू माणसाकडं असते, तसा गेमचा अ‍ॅडॉप्टर (ज्याच्याविना ते यंत्र म्हणजे नुसता डबा) एका निःस्पृह माणसाच्या ताब्यात राहील. माणूस असा हवा की ज्याला खेळाची लालूच नाही, ज्याला दयामाया माहीत नाही, आणि जो दिवसभर घरी असतो. उमेदवार एकच होता. चौऱ्याहत्तर वर्षांचे रुद्राप्पा बिनविरोध निवडून आले. त्यांनी अ‍ॅडॉप्टर उलटसुलट करून पाहिला, हुंगला, आणि तंबाखूच्या चंचीशेजारी करदोड्याला बांधून टाकला. धोतराखालून काळी वायर लोंबू लागली. त्या दिवसापासून गल्लीतली कुत्री त्यांना जरा बिचकूनच असत.

सभा संपताना गुंडूनं विचारलं, "पप्पा, कापलेली पाळी जाती कुठं?"

आता, हे काही कुणी कुणाला शिकवत नाही. सगळ्यांचं भिजून उरलेलं पाणी किल्लीवाल्याच्या रानात जातं. तो पहाटे उठून चिखल तुडवत मोटर सुरू करतो, त्याचा तेवढा मान. बावड्यातल्या म्हशींनाही हे ठाऊक असतं. महांतेशरावांनी चष्मा पुसत, सवयीनं सांगून टाकलं, "किल्लीवाल्याकडं."

सगळे हसले. रुद्राप्पाही हसले. (जरा उशिरा हसले.)

योजना दृष्ट लागण्यासारखी चालली. सुरुवातीला रुद्राप्पांचा कारभार सैल होता. महिन्यात एखाददुसरी तक्रार. पण एक दिवस गुंडूची पाळी दप्तर फेकल्याबद्दल कापली गेली, आणि त्यानंतर त्यांच्या दक्षतेला असा काही बहर आला की महांतेशरावांचा ऊर भरून आला. संध्याकाळी ते घरात पाऊल टाकत तोच अहवाल तयार असे.

"गुंड्यानं कारलं ताटाखाली दडिवलं."

"कापा."

"रक्षी आरशात बघून हासली."

"कापा."

"गुंड्या देवाला नमस्कार करताना येका हातानं खाजवत हुता."

"कापा."

"गुंड्या झोपंत हासला."

महांतेशरावांनी चष्मा वर सरकवला. "झोपेत?"

"शिस्त झोपंतबी पायजे की न्हाई? तूच सांग. तू सचिव हायस."

"कापा," महांतेशराव म्हणाले.

"अज्जा, तुमी पैला असं नव्हता!" रक्षिता ओरडली. उद्धट बोलल्याबद्दल तिच्या पुढच्या दोन पाळ्या गेल्या.

ही कीर्ती संस्थेचे चेअरमन हंबीरराव यांच्या कानावर गेली. त्यांच्याही घरी तीन नातू आणि एक गेम होता. त्यांनी आपल्या आईंना, म्हणजे चिमणाबाईंना, किल्लीवाल्या नेमलं. मग शेजाऱ्यानं. मग समोरच्यानं. शिमग्यापर्यंत अख्ख्या गल्लीतले अ‍ॅडॉप्टर धोतरांच्या कनवटीत आणि लुगड्यांच्या ओच्यात सुरक्षित होते, आणि या नियंत्रणाचे अनपेक्षित सामाजिक फायदे दिसू लागले. म्हातारी माणसं मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी आपणहून मागं लागली. संधिवाताची बोटं मोकळी झाली. दुपारच्या भजनाला पेटीवाला तेवढा उरला. 'जबाबदारी दिली की म्हातारपण पळतं,' असं हंबीररावांनी वार्षिक सभेत जाहीर केलं आणि टाळ्या घेतल्या. चिमणाबाई सभेला आल्या नव्हत्या. त्यांना दुपारी काम होतं.

एवढं सगळं सुरळीत चालू असताना गुंडूनं घोळ घातला. एका संध्याकाळी, शाळेतून आल्या आल्या, त्यानं टीव्हीच्या पाठीला गाल लावला. गेम मिळत नव्हता, तर निदान टीव्हीजवळ बसावं, एवढाच त्याचा हेतू. गाल लावला आणि झटकन काढला.

"पप्पा, तापलाय."

महांतेशरावांनी तळहात ठेवला. टीव्ही नुकत्याच व्यालेल्या म्हशीसारखा ऊबदार होता. घरात दुपारी कोण असतं? महादेवी शिवणक्लासला. रुद्राप्पा विश्रांती घेतात. निष्कर्ष एकच. पोरांनी दुसरा अ‍ॅडॉप्टर पैदा केलाय आणि शाळा बुडवून पाणीचोरी चालवली आहे.

"आमी न्हाई केलं!" रक्षिता म्हणाली.

"मग कुणी केलं? अज्जानी?"

या विनोदावर ते स्वतःच हसले. रुद्राप्पा छताकडं बघत होते.

निकाल तिथंच लागला: रविवारी गेम मेहुण्याला परत. रक्षिता भिंतीकडं तोंड करून बसली, जेवली नाही. गुंडूनं तर रडण्याचाही अर्ज केला नाही. तो बंदुकीवरची धूळ सदऱ्याच्या टोकानं पुसत राहिला, निरोप द्यायच्या वासराला कुणी पुसावं तसा. महांतेशरावांना त्या रात्री जेवण गोड लागलं नाही. पण चोरी झाली की पंचनामा आलाच.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी त्यांनी लुना कोपऱ्यावर उभी केली आणि चोरपावलांनी घरामागच्या शेवग्याआड येऊन उभे राहिले. खिडकी उघडी होती. आतून पंखांची फडफड ऐकू येत होती, आणि कुणीतरी गात होतं:

"उड गं बदकाबाई, माळाच्या वरी,
तुझ्या गं पंखाला सोन्याच्या सरी..."

ढिश्क्यांव.

"...लेकरं वाट बघत्यात तुझ्या गं घरी..."

ढिश्क्यांव. ढिश्क्यांव.

पोरं नव्हती. रुद्राप्पा होते. टीव्हीपुढं उकिडवे, धोतर मांडीपर्यंत खोचलेलं, टोपी फिरवून मागं केलेली, एक डोळा बारीक. कमरेपासून निघालेली काळी वायर (सोडायचा कंटाळा, म्हणून अ‍ॅडॉप्टर तसाच बांधलेला) भिंतीतल्या बोर्डाला जोडली होती. म्हातारा जणू स्वतःच लाइटवर चालत होता. पडद्यावरचा आकडा इतका चढला होता की गुंडूनं तो स्वप्नात, हसतानाही, पाहिला नसेल. ज्या हाताला चहाची बशी स्थिर धरता येत नव्हती, तो हात दगडासारखा थांबला होता.

महांतेशरावांच्या खांद्याशी मीटरची पेटी होती. त्यांनी फ्यूजवर हात ठेवला. एक ओढ, की दूध का दूध. घशात तीस-बत्तीस वर्षं मुरलेला शब्दही तयार होता. तो आपोआप वर आला, जिभेवर बसला. साकु.

आणि तिथंच अडला.

कारण आत कुणीतरी आयुष्यातला सगळ्यांत चांगला डाव खेळत होतं, आणि झाडाआड कुणीतरी हाक मारायला उभं होतं. हे दृश्य महांतेशरावांनी आधी पाहिलं होतं. फक्त झाडाच्या या बाजूनं नाही.

फ्यूजवरचा हात गळला. दोन बदकं एकदम उठली, एक डावीकडं, एक उजवीकडं. महांतेशराव या पायावरून त्या पायावर नाचू लागले, आणि सहकारी संस्थेच्या सचिवाला न शोभणाऱ्या आवाजात त्यांच्या तोंडून निघून गेलं, "डावीकडं! अप्पा, डावीकडं!"

"गप रं!" रुद्राप्पा न वळता खेकसले. "नेम हुकतोय!"

ढिश्क्यांव.

मग महांतेशराव आत गेले. रुद्राप्पांनी टोपी सरळ केली, पण बंदूक सोडली नाही.

"चोरी न्हाई केली मी. उरली पाळी किल्लीवाल्याची. भर सभेत सांगितलंस तू."

मुद्दा कायदेशीर होता. महांतेशरावांनी दुसरीकडून धरलं. "आणि गुंडू झोपेत हसला, ते?"

"हासला असंल की. पोरगं हाय." रुद्राप्पांनी बंदूक पुढं केली. "धर."

"मला येत नाही, अप्पा."

"तुला?" म्हाताऱ्यानं त्यांच्याकडं असं बघितलं की जणू नदीनं म्हणावं, मला ओलं होता येत नाही. "तुला येत न्हाई? धर म्हनतो."

महांतेशरावांनी बंदूक धरली. पहिलं बदक सुटलं. दुसरं सुटलं. तिसऱ्याला काय झालं कळलं नाही. हाताला काहीतरी जुनं आठवलं. (इथं वाचकांनी हसायच्या आधी उठून आपल्या टीव्हीच्या पाठीला हात लावून यावं. गार असेल तर खुशाल हसावं. घरात म्हातारं माणूस असेल तर दोन्ही हात लावावेत.) संस्थेचं कार्यालय, दुपारची डाक, हंबीररावांची सही, सगळं बदकांसोबत उडालं. बाप सांगत होता, लेक टिपत होता, आणि शाळा सुटल्याचं दोघांच्याही लक्षात आलं नाही.

दारात दप्तरं पडली. गुंडू आणि रक्षिता उभी होती. रक्षितानं अज्जाच्या कमरेची वायर बघितली. मग बापाच्या हातातली बंदूक बघितली. मग तिनं, सचिवाच्या घरच्या लेकीला शोभेल अशा थंडपणे, विचारलं:

"पप्पा, ही पाळी कुणाची?"

पडद्यावर एक बदक, सगळ्यांत चपळ, आभाळाच्या टोकाकडं निघालं होतं. महांतेशरावांनी नेम धरला, टोला बसणार असं हातांनाच कळलं, चाप अर्धा दाबला गेला, आणि रक्षितानं अज्जाचा आवाज उसना घेऊन हाक दिली:

"साकुऽऽ!"

बेचाळीस वर्षांच्या सचिवांनी तत्क्षणी बंदूक ठेवली आणि मान खाली घातली. बदक पडलं की सुटलं, तेही वर पाहिलं नाही. (नियंत्रण यशस्वी झालं, ते याला म्हणतात. बदक आणि विटी यांत फरक एवढाच, की विटीला लाइट लागत नाही. आणि तुम्हीही हे वाचता वाचता एकदा दाराकडं बघितलंत ना? घर तर तुमच्याच नावावर आहे. मग कुणाची हाक आली?)

रुद्राप्पा बराच वेळ त्या खाली घातलेल्या मानेकडं बघत राहिले. मग त्यांनी करदोड्याची गाठ सोडली, अ‍ॅडॉप्टर गुंडूच्या ओंजळीत ठेवला, आणि लेकाच्या हनुवटीला दोन बोटं लावून मान वर केली, लहान पोराची करतात तशी.

"वढ्यापल्याड पडली हुती, महांत्या," ते म्हणाले. "तुझी विटी. चिंचंच्या शेंड्यावरनं गेली, वढ्यापल्याड. पुऱ्या बावड्यात तसा टोला कुणी मारला न्हवता. मी बघत हुतो की रं. बाभळीआड लई येळ उभा राहून, बघतच हुतो."